थायरॉईड जास्त आलाय, पण मान का दुखतेय? सिडकोतल्या डबे करणाऱ्या ताईंची केस

टीएसएच (मेंदूकडून थायरॉईडला जाणारा 'काम कर' हा निरोप, रक्तात हार्मोन जास्त झाला की हा खाली जातो) ०.०१ च्या खाली, फ्री टी४ (थायरॉईडचा हार्मोन) ३.६ (नॉर्मल साधारण ०.८ ते १.८), आणि त्याच कागदाच्या मागे पेनाने लिहिलेलं, कार्बिमाझोल १० मिग्रॅ, दिवसातून तीनदा. एवढंच बघितलं तर कुणीही म्हणेल की निदान झालं, थायरॉईड जास्त काम करतोय, गोळी चालू करा आणि सहा आठवड्यांनी या. फक्त एक गोष्ट त्या कागदावर कुठेच नव्हती, ती म्हणजे बाईंना मानेला पदर घासला तरी कळ येत होती.

मी नाशिकला सिडकोत छोटी पॅथॉलॉजी लॅब चालवते, त्यामुळे माझ्याकडे पेशंट कमी आणि कागद जास्त येतात. ही केस ताईंना विचारूनच लिहितेय, ओळख पटेल असं काही ठेवलेलं नाहीये. लिहायचं कारण एवढंच की 'थायरॉईड जास्त' असं रिपोर्टमध्ये आलं म्हणजे ग्रंथी जास्त हार्मोन बनवतेय असंच नसतं, कधीकधी ग्रंथी सुजून फुटते आणि आतला साठा रक्तात सांडतो, आणि या दोन्हीची औषधं पूर्ण वेगळी आहेत. हे डॉक्टरांना माहीत असतंच, पण घाईत निसटतं, आणि पेशंटला तर कुणी सांगतच नाही.

ताईंचं वय ४३, उत्तमनगरच्या बाजूला राहतात, अंबड एमआयडीसीत काम करणाऱ्या बाहेरगावच्या पोरांना डबे देतात. पहाटे चारला कणीक भिजवायची, सहाला पहिले डबे बाहेर. डिसेंबरच्या शेवटी घरात सगळ्यांना सर्दी-ताप झाला, बाकीचे आठवड्यात उठले, ताईंचाही खोकला गेला पण संक्रांतीच्या आसपास घसा दुखायला लागला तो काही थांबेना. गिळताना दुखायचं, मान वळवली की दुखायचं, उजव्या जबड्याखालून कळ निघून थेट कानात. संध्याकाळी अंग कसकसायचं, ताप बघितला तर शंभरच्या आसपास.

मग जे होतं तेच झालं. आधी घशाचं इन्फेक्शन म्हणून अॅझिथ्रोमायसिन, ते संपल्यावर दुसरं अँटिबायोटिक. कानात कळ येते म्हणून कानाचे डॉक्टर, त्यांनी बघितलं तर कान स्वच्छ. मग दाताचे डॉक्टर, जबड्याचा मोठा एक्स-रे काढला, त्यात उजवी अक्कलदाढ जरा आडवी दिसली, काढून टाकू म्हणाले. ताई म्हणाल्या दाढ काढून मी चार दिवस झोपले तर डबे कोण करणार, आणि दाढ वाचली. (आडव्या अक्कलदाढा कित्येक जणांना असतात आणि आयुष्यभर त्रास देत नाहीत.) यात कुणाला नावं ठेवायची नाहीयेत, प्रत्येकाने आपापली जागा नीट तपासली. पण थायरॉईडची सूज असली की कळ जबड्यात आणि कानात जाते, कारण घशाकडून जाणाऱ्या व्हेगस नसेची एक फांदी कानापर्यंत पोचते, आणि दुखणाऱ्या कानात काहीच सापडत नसेल तर मान चाचपायची असते. ती कुणी चाचपली नाही.

दरम्यान दुसराच प्रकार सुरू झाला. जानेवारीचा शेवट, तिकडे निफाडला पारा घसरलाय, घरातले सगळे गोधडीत आणि ताई पंखा लावून बसलेल्या. पोळी लाटताना हात थरथरायचे, पोळीला कडा सरळ येईनात. जिना चढला की छातीत धडधड, रात्री झोप नाही, दिवसातून तीन-चारदा संडासला. वजन महिन्याभरात पाच किलो उतरलं आणि गंमत म्हणजे याचं सगळ्यांनी कौतुकच केलं, अय्या किती बारीक झालीस, काय करतेस गं. सासूबाईंचं म्हणणं कामाचा ताण, डबे कमी कर. मुलाने शेवटी मोबाईलवरून फुल बॉडी पॅकेज बुक केलं, घरी येऊन रक्त नेलं, आणि त्यात तो टीएसएच आला. ईसीजी काढला तर ठोके ११८, लय ठीक. जवळच्या एका डॉक्टरांनी रिपोर्ट बघून कार्बिमाझोल लिहिली आणि गोळी सुरू करायच्या आधी सीबीसी (रक्तातल्या पेशींची मोजणी) करून घ्या म्हणाले, जे अगदी बरोबर आहे, आणि त्या सीबीसीसाठी ताई माझ्याकडे आल्या.

रक्त काढताना मी सवयीने विचारते, काय त्रास होतोय. म्हणाल्या घसा दुखतोय मॅडम, महिना होत आला. दाखवा कुठे म्हटलं तर त्यांनी तोंड उघडलं नाही, मानेवर समोरून, कंठाच्या जरा खाली उजवीकडे बोट ठेवलं, आणि ठेवलं म्हणजे टेकवलं पण नाही, वरच्यावर धरलं. माझा अनुभव असा की खरंच घसा दुखणारा माणूस आ करून आत दाखवतो आणि जो बाहेरून मानेवर बोट ठेवतो त्याचं दुखणं बहुतेक आतल्या घशाचं नसतं. मी विचारलं केसांच्या गोळ्या चालू आहेत का, कारण त्यातलं बायोटिन काही मशीनवर टीएसएच खोटा कमी आणि टी४ खोटा जास्त दाखवतं, आणि केस गळायला लागले की बायका आधी तीच गोळी घेतात. नव्हत्या चालू. म्हणजे रिपोर्ट खरा.

सीबीसीसाठी घेतलेल्या जांभळ्या झाकणाच्या नळीतूनच ईएसआर लावता येतो, वेगळी सुई टोचावी लागत नाही. मी फॅमिली डॉक्टरांना फोन केला, मानेचं सांगितलं, विचारलं की लावू का, ते म्हणाले लावा. ईएसआर ही फार जुनी आणि फार स्वस्त टेस्ट आहे, उभ्या नळीत रक्त तासभर ठेवायचं आणि लाल पेशी किती मिलिमीटर खाली बसल्या ते मोजायचं, बस्स. हल्ली पॅकेजमध्ये व्हिटॅमिन डी असतं, बी१२ असतं, हा बिचारा बऱ्याचदा नसतो कारण दिसायला काही भारी नाही. या वयाच्या बाईला वीसपर्यंत चालतो. ताईंचा आला ९४. पांढऱ्या पेशी ९,८००, म्हणजे जवळपास नॉर्मल, हिमोग्लोबिन ११.२, सीआरपी (सूज दाखवणारी दुसरी टेस्ट) मागाहून केला तो ४८.

नुसत्या ईएसआरवरून काही ठरत नाही, टीबीतही वाढतो, संधिवातातही, कसल्याही इन्फेक्शनमध्ये वाढतो. पण टीएसएच दबलेला, मान हात लावू देत नाही, आधी सर्दी-ताप होऊन गेलाय आणि ईएसआर नव्वदच्या वर, हे चारही एकत्र आले की डोक्यात एकच नाव यायला पाहिजे, सबअॅक्यूट थायरॉयडायटिस, म्हणजे थायरॉईड ग्रंथीला आलेली सूज. याला डी क्वेर्वेनचा थायरॉयडायटिस पण म्हणतात, फ्रिट्झ डी क्वेर्वेन नावाच्या स्विस सर्जनने १९०४ मध्ये याचं नीट वर्णन केलं होतं. (अंगठ्याच्या मुळाशी शीर धरते, नवीन आयांना बाळ उचलून उचलून होतं, ते दुखणंही याच माणसाच्या नावावर आहे.) पुरुषांपेक्षा बायकांमध्ये हे बरंच जास्त दिसतं, साधारण तीस ते पन्नास वयात, आणि बहुतेक वेळा व्हायरल आजारानंतर दोन ते आठ आठवड्यांनी. गालगुंडाचा व्हायरस, कॉक्सॅकी, अॅडिनो, कोविडनंतरही केसेस आल्या.

डॉक्टरांनी ईएसआर ऐकला आणि कार्बिमाझोल सुरू करू नका म्हणाले, ताईंनी ती आणून ठेवली होती पण पाकीट फोडलं नव्हतं. डॉक्टरांनीच गंगापूर रोडला एका एंडोक्रायनॉलॉजिस्टकडे, म्हणजे हार्मोनच्या डॉक्टरांकडे पाठवलं.

आता मुद्द्याचं. थायरॉईड ही पंधरा-वीस ग्रॅमची ग्रंथी, पण तिची एक खासियत आहे, ती हार्मोन बनवून लगेच सोडत नाही, बारीक बारीक पिशव्यांमध्ये थायरोग्लोब्युलिन नावाच्या प्रथिनाला चिकटवून साठवून ठेवते, आणि हा साठा दोन-तीन महिने पुरेल एवढा असतो. सबअॅक्यूट थायरॉयडायटिसमध्ये सुजेमुळे या पिशव्यांच्या भिंती फुटतात आणि साठा एकदम रक्तात येतो. मग धडधड, घाम, थरथर, वजन उतरणं सगळं तसंच होतं जसं ग्रेव्हजच्या आजारात (ज्यात ग्रंथी खरंच जास्त हार्मोन बनवते) होतं, कारण शरीराला काय, हार्मोन कुठून आला ते कळत नाही. मेंदूतली पिट्युटरी बघते की रक्तात भरपूर आहे, ती टीएसएच बंद करते. त्यामुळे ग्रंथी नवीन हार्मोन बनवतच नसते. आणि कार्बिमाझोलचं काम काय तर नवीन हार्मोन बनणं थांबवणं. म्हणजे टाकीला तडा गेलाय आणि आपण खाली जाऊन आधीच बंद असलेली मोटर पुन्हा बंद करतोय.

बरं, नुसती निरुपयोगी असती तर एक वेळ ठीक होतं. कार्बिमाझोलने फार थोड्या लोकांत, हजारात दोन ते पाच जणांत, पांढऱ्या पेशी अचानक घसरतात, बहुतेकदा पहिल्या तीन महिन्यांत, आणि त्याची पहिली खूण म्हणून पेशंटला सांगून ठेवतात की ताप आला किंवा घसा दुखला तर गोळी बंद करून लगेच सीबीसी करा. इथे बाईला ताप आणि घसादुखी आधीपासूनच आहे, मग ओळखणार कसं? ग्रेव्हजमध्ये हीच गोळी फार उपयोगाची आहे, मी तिच्या विरोधात नाहीये, चुकीच्या आजारात देण्याच्या विरोधात आहे.

गंगापूर रोडच्या मॅडमनी सगळ्यात आधी मान हाताने तपासली, जे महिनाभरात पहिल्यांदाच झालं. उजवा भाग मोठा, टणक, हात लावताच ताई मागे सरकल्या. डोळे बाहेर आलेले नाहीत, ग्रंथीवर स्टेथोस्कोप ठेवला तर रक्ताचा आवाज नाही, म्हणजे ग्रेव्हजच्या खुणा नाहीत. मग त्यांनी पॅकेजच्या रिपोर्टमधले टोटल टी३ आणि टी४ (थायरॉईडचे दोन हार्मोन) काढायला लावले, जे तोपर्यंत कुणी बघितले नव्हते. टी३ २१०, म्हणजे किंचित वर, टी४ मात्र १८.२. ग्रेव्हजमध्ये ग्रंथी जोरात चालते तेव्हा टी३ जास्त प्रमाणात बनतो, साठा सांडतो तेव्हा मात्र साठ्यात जे जास्त आहे तेच जास्त येणार, आणि साठ्यात टी४ जास्त असतो. टी३ च्या आकड्याला टी४ च्या आकड्याने भागायचं, वीसच्या वर गेलं तर ग्रेव्हजकडे झुकतं, खाली आलं तर थायरॉयडायटिसकडे. ताईंचं साडेअकरा आलं. जादाचा एक रुपया न खर्च करता हातातल्या कागदातून निघालेली माहिती! एककं मात्र बघून घ्या, टी३ नॅनोग्रॅममध्ये आणि टी४ मायक्रोग्रॅममध्ये, दोन्ही एका डेसीलिटरला, नाहीतर हा भागाकार चुकतो.

टेक्नेशियम स्कॅन पण केला, नाशिकमध्येच झाला. शिरेतून थोडं किरणोत्सारी औषध देतात आणि वीसेक मिनिटांनी कॅमेऱ्याखाली झोपवतात, जिवंत काम करणारी ग्रंथी ते ओढून घेते आणि फुलपाखरासारखी चमकते. ताईंच्या फोटोत लाळग्रंथी दिसत होत्या, थायरॉईडच्या जागी जवळजवळ काहीच नाही. ताई घाबरल्या, म्हणाल्या मॅडम माझी ग्रंथीच गेली का! गेली नव्हती, झोपली होती. प्रत्येकाला हा स्कॅन लागतोच असं नाही, एवढं दुखणं आणि एवढा ईएसआर असला की बरेच डॉक्टर त्याशिवायच निदान करतात, इथे आधीच एक चुकीचं लेबल लागलं होतं म्हणून खात्री करून घेतली. ग्रेव्हजच्या अँटिबॉडी निगेटिव्ह, अँटी-टीपीओ (थायरॉईडविरुद्धची दुसरी अँटिबॉडी) हलका पॉझिटिव्ह.

मानेतली ग्रंथी दुखण्याची दुसरीही कारणं असतात ती थोडक्यात. पू झालेला थायरॉयडायटिस, हा दुर्मिळ आहे आणि मुलांमध्ये जास्त, ताप जोरात, पांढऱ्या पेशी चढलेल्या, वरची कातडी लाल, आणि टीएसएच बऱ्याचदा नॉर्मल, तिथे खरंच अँटिबायोटिक लागतं आणि वेळ घालवायचा नसतो. आधीपासून गाठ असेल आणि तिच्यात रक्तस्राव झाला तर एकाएकी, अगदी तासाभरात दुखून फुगते. आणि या दुखण्याच्या यादीत न बसणारा एक प्रकार, बाळंतपणानंतर होणारा थायरॉयडायटिस, त्यातही साठा सांडतो पण दुखत नाही आणि ईएसआर सहसा वाढत नाही, त्यामुळे तो ओळखणं जास्त अवघड, तिथे माझी ही ईएसआरची हुशारी चालत नाही.

सोनोग्राफीने मात्र घरात रडारड झाली. रिपोर्टमध्ये उजवीकडे दीड सेंटिमीटरचा काळसर, कडा अस्पष्ट असलेला भाग, टायरॅड्स ४ (थायरॉईडच्या गाठीत कॅन्सरचा संशय किती ते सांगणारा आकडा), सुई टाकून तपासावं असं लिहून आलं. मुलाने ते रात्री गुगल केलं आणि दुसऱ्या दिवशी सगळं घर कॅन्सरवर येऊन पोचलं. सुजलेला भाग सोनोग्राफीत असाच काळसर आणि वेडावाकडा दिसतो, गाठीसारखा, आणि रेडिओलॉजिस्टला कागदावर जे दिसतं तेच तो लिहिणार, त्याला ईएसआर कुणी सांगितलेला नसतो. मॅडम म्हणाल्या सूज उतरू दे, मग पुन्हा बघू, तोपर्यंत सुई नाही. डॉपलरमध्ये त्या भागात रक्तप्रवाह कमी होता, ग्रेव्हजमध्ये उलट भरभरून दिसतो.

औषध सुरुवातीला साधंच, दुखणं आणि सूज कमी करायला नॅप्रोक्सेन आणि धडधडीसाठी प्रोप्रानोलॉल (दमा नाही ना हे आधी विचारून, दमा असेल तर ही गोळी नको). धडधड दोन-तीन दिवसांत कमी झाली, दुखणं हललं नाही. मग प्रेडनिसोलोन हे स्टिरॉईड, २० मिग्रॅ सकाळी खाल्ल्यावर. याचा परिणाम इतका झटपट होतो की तोच एक पुरावा धरतात, दोन दिवसांत दुखणं गेलं नाही तर निदानावर पुन्हा विचार करतात. ताई तिसऱ्या दिवशी मान दोन्हीकडे वळवून दाखवत होत्या.

आणि मग आठ-दहा दिवसांनी गोळी बंद केली! कुणीतरी सांगितलं स्टिरॉईड आहे, तोंड सुजतं, हाडं जातात. बरं वाटत होतं, कशाला विष घ्या. पाच दिवसांनी डावी बाजू दुखायला लागली. या आजारात दुखणं एका बाजूने दुसरीकडे सरकणं नेहमीचंच आहे, पण ताईंना वाटलं आता नवीनच काहीतरी झालं. ईएसआर खाली येऊन ३८ झाला होता तो परत ७१. प्रेडनिसोलोन पुन्हा सुरू, यावेळी वेळापत्रक लिहून फ्रिजवर चिकटवलं, दर आठवड्याला थोडी कमी करत सहा-सात आठवड्यांत बंद. मध्ये जेवणानंतरची साखर १६८ झाली होती, ती गोळी उतरल्यावर उतरली. स्टिरॉईडची भीती आपल्याकडे अर्धी खरी आहे, वर्षानुवर्षं स्वतःच्या मनाने घेणाऱ्यांचे हाल मी रिपोर्टमध्ये बघते, पण इथे डोस छोटा, मुदत ठरलेली आणि बंद करायची पद्धत ठरलेली, हे वेगळं प्रकरण आहे. आणि आठवडेच्या आठवडे घेतलेली गोळी एकदम तोडू नये हे आहेच.

एप्रिलच्या शेवटी टीएसएच १३.६. ताईंचा मला फोन आला, मॅडम रिपोर्ट चुकलाय, मला तर थायरॉईड जास्त होता, आता कमी कसा. चुकला नव्हता. साठा सांडून संपला, ग्रंथी अजून सावरलेली नाही, मधल्या काळात हार्मोन कमी पडणारच. नाशिकला ऊन तापलेलं असताना ताई चादर मागत होत्या, पोट साफ होत नव्हतं, चेहरा जड, पहाटे उठवेना. हा टप्पा काही महिने चालतो आणि बहुतेकांचा आपोआप जातो, त्रास फार नसेल तर औषधही देत नाहीत. ताईंचं काम असं की न उठून चालणार नाही, म्हणून थायरॉक्सिन (कमी पडणारा हार्मोन गोळीतून) ५० मायक्रोग्रॅम दिलं, पण देतानाच सांगितलं की ही आयुष्यभराची गोळी नाहीये, गणपतीनंतर बंद करून बघू. हे सांगणं फार गरजेचं असतं, कारण एकदा चालू झालेली थायरॉईडची गोळी नंतर कुणी तपासत नाही, डॉक्टर बदलतात, जुनी फाईल हरवते, आणि गरज नसताना लोक वर्षानुवर्षं घेत राहतात.

या काळात शेजारणीने कोबी-फ्लॉवर बंद करायला सांगितलं होतं आणि ताईंनी डब्यातूनसुद्धा कोबी काढून टाकला, पोरांनी काय पाप केलं होतं कुणास ठाऊक. शिजवलेला कोबी नेहमीच्या प्रमाणात खायला काही हरकत नाही असं मॅडमनी सांगितलं, आयोडीनचं साधं मीठही तेच ठेवा, सैंधव-बिंधव नको, आणि आयोडीनच्या वेगळ्या गोळ्या तर अजिबात नकोत.

गणपतीनंतर थायरॉक्सिन बंद केलं. सहा-सात आठवड्यांनी, दिवाळी झाल्यावर, टीएसएच २.९, ईएसआर १४. सोनोग्राफी परत केली, ग्रंथी जरा लहान झालीये, दोन्ही बाजू साध्या, आणि तो दीड सेंटिमीटरचा टायरॅड्स ४ वाला भाग कुठेच नाही. वजन चार किलो परत आलं, त्याचं मात्र कुणी कौतुक केलं नाही.

साधारण दहातल्या एकाला पुढे कायमचा कमी थायरॉईड राहतो, आणि ताईंचा टीपीओ हलका पॉझिटिव्ह आहे, म्हणून वर्षातून एकदा टीएसएच करायचा ठरलंय. आजार परत येणं क्वचित, पण येऊ शकतो, वर्षांनीसुद्धा. फाईलच्या पहिल्या पानावर मी मोठ्या अक्षरात लिहून दिलंय, मान पुन्हा दुखली तर अँटिबायोटिकच्या आधी ईएसआर आणि टीएसएच, आणि त्याखाली, स्कॅनची तारीख. कार्बिमाझोलचं न फोडलेलं पाकीट मेडिकलवाल्याने परत घेतलं का ते विचारायचं राहिलंय.